एमसीबी तारेची, माणसाची नव्हे

प्रधानमंत्री सूर्य घर योजनेने फेब्रुवारी २०२४ मध्ये एक कोटी घरांच्या छपरांचे उद्दिष्ट डोळ्यांपुढे ठेवले. छपरावरच्या पॅनेलची चर्चा उदंड झाली. दाराआडच्या डीबीची, म्हणजे वितरणपेटीची, कोणी केली नाही.

या पेटीत एमसीबीची रांग दिसली की घर सुरक्षित, असा सार्वत्रिक समज आहे. तो चुकीचा आहे. एमसीबी तारेला जळण्यापासून वाचवते. ओल्या हाताचा उघड्या फेजला स्पर्श झाला, तर शरीरातून साधारण १०० ते २०० मिलीअँपिअर प्रवाह जातो. हृदय बंद पडायला तो पुरेसा आहे. १६ अँपिअरच्या एमसीबीला मात्र तो जाणवतही नाही. ते काम आरसीसीबीचे. फेजमधून गेलेला आणि न्यूट्रलमधून परतलेला प्रवाह ती सतत ताडून पाहते. फरक ३० मिलीअँपिअर झाला की ०.३ सेकंदाच्या आत वीज तोडते.

केंद्रीय विद्युत प्राधिकरणाच्या २०२३ च्या विनियमांत अशा गळती-संरक्षणाची तरतूद आहे. अडचण तरतुदीनंतर सुरू होते. भारतीय घरांत इन्व्हर्टर मागाहून येतो आणि त्याच्या दिव्यांचा न्यूट्रल सोयीने दुसऱ्याच सर्किटच्या न्यूट्रलला जोडला जातो. गळती नसतानाही हिशेब जुळेनासा होतो, आरसीसीबी वारंवार पडते. वायरिंग उकलण्यात दिवस जातो. म्हणून तिच्या जागी आयसोलेटर बसतो. तो दिसायला तसाच, रुंदीलाही तेवढाच! घरमालक 'दुरुस्ती'चे पैसे देतो आणि संरक्षण गेल्याचे त्याला कळतही नाही.

राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या अलीकडच्या अहवालांत विजेच्या धक्क्याने होणाऱ्या मृत्यूंची संख्या वर्षाला दहा हजारांवर आहे. त्यांत शेतातल्या तुटलेल्या ताराही आल्या. सारा दोष पेटीच्या माथी मारणे अन्यायाचे ठरेल. तरी जे टाळणे सर्वांत स्वस्त, त्यासाठी कोणीच जबाबदार नसावे, हे समजण्यापलीकडचे आहे.

नेट मीटर बसवायला वितरण कंपनीचा माणूस घरी येतोच. त्याने पेटी उघडून आरसीसीबीवरचे 'टी' अक्षराचे चाचणी-बटण दाबावे आणि निकाल अर्जावर लिहावा. त्या बटणाने अर्थिंगची परीक्षा होत नाही. तिचे मापन स्वतंत्र उपकरणाने करावे. बटण दाबूनही वीज तुटली नाही, किंवा तिथे बटणच आढळले नाही, तर सौरजोडणी त्या दिवशी रोखून धरावी.