‘पीनिड’ म्हणजे काय? भाडेपट्ट्यावरील एका शब्दाविषयी

काही दिवसांपूर्वी रविवारच्या मिस्सेनंतर आमच्या धर्मग्रामातील एक वडीलधारे गृहस्थ हातात भाडेपट्ट्याचा कागद घेऊन आमच्याकडे आले. ओलपाड तालुक्यात खाडीच्या बाजूला त्यांच्या पत्नीच्या वाट्याला आलेली थोडी भातजमीन आहे. ती सात वर्षांसाठी झींग्याच्या तळ्यांना द्यावी, असे एका दलालाने त्यांना सुचविले होते. भाडे भाताच्या उत्पन्नापेक्षा बरे होते. गृहस्थ म्हणाले, “फादर, बाकी सगळं समजलं. एवढा एक शब्द कळत नाही.” त्यांनी ज्यावर बोट ठेवले तो शब्द होता ‘पीनिड झींगा’. दलालाला विचारले, तर तो म्हणाला होता, “काका, झींगा म्हणजे झींगा. ते शास्त्रातलं नाव आहे, त्यानं काय फरक पडतो?”

आमचे स्पष्ट मत आहे की, फरक पडतो. त्या संपूर्ण कागदात जमिनीच्या दृष्टीने सर्वांत महत्त्वाचा शब्द कोणता असेल, तर तो हाच आहे. आपल्या डिंडोलीतील अनेक कुटुंबांची जमीन खानदेशात, तर काहींची इकडे किनाऱ्यालगत आहे. आज जो कागद एकाकडे आला तो उद्या दुसऱ्याकडे येईल. म्हणून या वेळी शेती व आरोग्याच्या पानावर या एका शब्दाचा विचार करावयाचे आम्ही ठरविले आहे.

एक कोळंबी, अनेक कुळे

आपण मराठीत कोळंबी म्हणतो, गुजराती बंधू झींगा म्हणतात, आणि खानदेशात बाजारातून आणलेल्या सुक्या मालाला आपण झिंगे किंवा सुकट म्हणतो. ही नावे स्वयंपाकघरासाठी पुरेशी आहेत. परंतु या नावांखाली निरनिराळ्या कुळांचे प्राणी एकत्र येतात. त्यांचे राहणे, वाढणे आणि प्रजनन एकसारखे नाही.

डॅनिश शास्त्रज्ञ फॅब्रिशियस यांनी १७९८ साली कोळंबीच्या एका गटाला ‘पीनिअस’ हे नाव दिले. ग्रीस देशात याच नावाची नदी आहे. या पीनिअसवरून संपूर्ण कुळाला पीनिड कूळ म्हणतात. आपल्या समुद्रातील मोठी वाघ कोळंबी, पांढरी भारतीय कोळंबी आणि आज तळ्यांतून वाढविली जाणारी व्हॅनामी ही सर्व या कुळातील आहेत. व्हॅनामी मूळची आपली नाही. ती अमेरिका खंडाच्या पॅसिफिक किनाऱ्याची असून आपल्या देशात तिच्या संवर्धनाला २००९ साली परवानगी मिळाली.

या नावांचाही एक इतिहास आहे. १९९७ साली शास्त्रज्ञांनी पीनिअस गटाचे तुकडे करून व्हॅनामीला ‘लिटोपीनिअस’ असे नवे नाव दिले. पुढे २०११ साली अनुवंशाचा अभ्यास झाल्यावर पुन्हा सर्वांना पीनिअस या एकाच नावाखाली घ्यावे, असे मत पुढे आले. म्हणून बियाण्याच्या पिशवीवर एके ठिकाणी पीनिअस व्हॅनामी आणि दुसरीकडे लिटोपीनिअस व्हॅनामी असे लिहिलेले दिसले, तर गोंधळून जाऊ नये. प्राणी तोच आहे. “ही नवी, अधिक चांगली जात आहे” असे सांगून कोणी जास्त पैसे मागत असेल, तर त्याला हे सांगावे.

आता मुख्य गोष्ट. पीनिड कोळंबीची मादी अंडी अंगाशी बाळगीत नाही, ती थेट समुद्राच्या पाण्यात सोडते. एका वेळी अंड्यांची संख्या लाखाच्या घरात जाते. एका दिवसाच्या आत त्यांतून डिंभ बाहेर पडतात, दहाबारा दिवसांत त्यांचे इवल्याशा कोळंबीत रूपांतर होते, आणि मग कित्येक जातींची पिल्ले भरतीबरोबर खाड्यांत शिरून तेथे वाढतात. मोठी झाली की ती पुन्हा समुद्राकडे वळतात. या जीवनक्रमाला समुद्राचे खारे पाणी लागतेच.

याउलट नद्यांतील मोठी कोळंबी, जिला व्यापारात स्कॅम्पी म्हणतात, ती पीनिड नव्हे. तिची मादी अंड्यांचा झुपका पोटाखाली पायांत धरून ठेवते. तिच्या पिल्लांना आरंभी मचूळ पाणी लागते खरे, पण ते काम बीजकेंद्रात होते. शेतकऱ्याच्या तळ्यात ती गोड्या पाण्यात वाढते. आमच्या भगिनींसाठी सोपी खूण अशी की, कोळंबी साफ करताना पोटाखाली अंड्यांचा झुपका चिकटलेला आढळला, तर ती पीनिड नाही हे निश्चित समजावे.

‘पीनिड नसलेली’ म्हणजे हलकी नव्हे

मत्स्यसंशोधन संस्थांच्या अहवालांत कोळंबीचे दोन रकाने असतात: पीनिड आणि पीनिड नसलेली. दुसऱ्या रकान्यात आपला जवळा आणि करंदी येतात. पहिल्या रकान्यातील माल बर्फात बसून परदेशी जातो, तर दुसऱ्यातील वाळून गोणीत भरला जातो आणि नंदुरबार-धुळ्याच्या आठवडे बाजारात पोहोचतो. त्यामुळे बोलताना कोणी कोणी ‘पीनिड नसलेली’ याचा अर्थ ‘कमी प्रतीची’ असा करतात. हा अर्थ चुकीचा आहे. तो शब्द कूळ सांगतो, प्रत सांगत नाही. शिवाय जवळा हा कुळाच्या दृष्टीने करंदीपेक्षा पीनिडांनाच अधिक जवळचा आहे. त्याची मादीसुद्धा अंडी पाण्यातच सोडते. गरिबाच्या भाकरीबरोबर जे प्रथिन वर्षानुवर्षे येत आहे, त्याला केवळ हिशेबाच्या रकान्यावरून कोणी हलके लेखू नये.

मात्र आरोग्याच्या बाबतीत एक इशारा द्यावासा वाटतो. काही लोकांना कोळंबी सोसत नाही. खाल्ल्यावर अंगावर गांधी उठतात, ओठ सुजतात, क्वचित दम लागतो. अशा एका भगिनीने आम्हांला सांगितले की, ती मोठी कोळंबी खात नाही, परंतु जवळ्याची चटणी खाते, कारण ‘ती कोळंबी नाही’. येथे कुळाच्या नावावर भिस्त ठेवू नये. ज्या प्रथिनामुळे हा त्रास बहुधा होतो ते पीनिड कोळंबी, जवळा, करंदी, चिंबोरी आणि शेवंड या सर्वांत असते. ते शिजवल्याने किंवा वाळवल्याने नाहीसे होत नाही. ज्यांना एकाचा त्रास झाला आहे, त्यांनी डॉक्टरांना विचारल्याशिवाय दुसरे खाऊ नये. आणि कोणाला दम लागला, तर घरगुती उपायांत वेळ न घालविता तत्काळ दवाखान्यात न्यावे.

पीनिड म्हणजे मीठ

आता त्या भाडेपट्ट्याकडे वळू. आमच्या गृहस्थांची अशी समजूत होती की, तळे म्हणजे शेततळ्यासारखे. सात वर्षांनी तळे परत मिळेल, गाळ शेताला खत होईल, आणि साठलेल्या पाण्यावर रब्बीचे पीकही घेता येईल. कागदावर स्कॅम्पी असती, तर या समजुतीत थोडेफार तथ्य असते. परंतु कागदावर पीनिड आहे. पीनिड म्हणजे खाडीचे पाणी शेतात घेणे होय.

साधा हिशेब करू. एक एकराच्या तळ्यात एक मीटर पाणी भरले, तर ते सुमारे ४० लाख लिटर होते. समुद्राच्या एका लिटर पाण्यात साधारण ३५ ग्रॅम क्षार असतात. खाडीचे पाणी कमी खारे धरून लिटरमागे १५ ग्रॅमच मानले, तरी त्या एका एकरावर ६० टन मीठ उभे राहते. म्हणजे ५० किलोच्या १२०० गोणी. उन्हाने पाणी उडते, मीठ उडत नाही. पाणी कमी झाले की नवे पाणी घेतात, त्याबरोबर नवे मीठ येते. त्यातील काही काढलेल्या पाण्याबरोबर परत जाते, पण काही जमिनीत मुरते आणि बाजूच्या विहिरीपर्यंत पोहोचते.

आपल्या काळ्या जमिनीला तर सोडियमचे विशेष वैर आहे. मातीचे कण फुगून सुटे होतात, छिद्रे बुजतात, पाणी मुरत नाही, आणि जमीन चोपण होते. भात आणि ऊस ही दोन्ही पिके क्षारांना नाजूक. चोपण झालेली जमीन सुधारता येत नाही असे नाही. चर काढून, जिप्सम टाकून, गोड्या पाण्याने धुऊन ती वर आणता येते. परंतु त्याला वर्षे लागतात आणि पैसा लागतो. तो कोणी द्यावयाचा, याचा त्या कागदात एक शब्दही नव्हता.

दलाल मंडळी आणखी एक गोष्ट सांगतात की, व्हॅनामी आता गोड्या पाण्यातही चालते. यात अर्धे सत्य आहे. व्हॅनामी फार कमी खारटपणा सहन करू शकते. हरियाणा व पंजाबात, जेथे जमीन आधीच खारावून पिकाला निरुपयोगी झाली आहे, तेथे ती वाढविली जाते आणि शेतकऱ्याला त्याचा आधार झाला आहे. पण तेथे खारी जमीन कामाला लावली जाते. पिकती जमीन खारी करणे ही वेगळी गोष्ट आहे. आम्ही कोळंबी संवर्धनाच्या विरुद्ध मुळीच नाही. सुरत जिल्ह्याच्या किनाऱ्यावर भरतीच्या खाऱ्या जमिनीवर हा धंदा उभा आहे आणि त्यावर अनेकांची चूल पेटते. आमचा आक्षेप एवढाच की, पीनिडची जागा खाऱ्या जमिनीवर आहे, भाताच्या खाचरात नाही.

कायदा काय म्हणतो

हे केवळ आमचे मत नाही. तामिळनाडूतील सर्वोदयी कार्यकर्ते एस. जगन्नाथन यांच्या याचिकेवर ११ डिसेंबर १९९६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला. शेतजमीन, मिठागरे, तिवरांचे वन, गावाची सामायिक जमीन यांचे रूपांतर कोळंबीच्या तळ्यांत करू नये, असे त्यात सांगितले गेले. त्यापूर्वी १९९४-९५ च्या सुमारास पांढऱ्या ठिपक्यांच्या विषाणुरोगाने देशातील कित्येक तळी बसली होती. पिके गेली, परंतु मीठ मागे राहिले.

पुढे २००५ साली किनारी जलसंवर्धन प्राधिकरणाचा कायदा झाला आणि २०२३ साली त्यात दुरुस्ती झाली. किनाऱ्याच्या पट्ट्यात खाऱ्या किंवा मचूळ पाण्यात संवर्धन करावयाचे, तर या प्राधिकरणाकडे नोंदणी लागते. मूळ कायद्याच्या व्याख्येतून गोड्या पाण्याचे संवर्धन स्पष्टपणे वगळलेले आहे. वाचकांच्या लक्षात आले असेल की, ‘पीनिड’ हा शब्द आला की खारे पाणी आले, आणि खारे पाणी आले की हा कायदा आला. “काय फरक पडतो” म्हणणाऱ्याला हा फरक ठाऊक नसेल, किंवा ठाऊक असूनही तो सांगत नसेल.

आमची विनंती

म्हणून आमच्या शेतकरी बंधुभगिनींना आमची नम्र विनंती आहे की, कोळंबीसाठी जमीन देण्यापूर्वी किंवा त्यात पैसा घालण्यापूर्वी चार प्रश्न विचारावेत आणि उत्तरे लेखी घ्यावीत.

१. कोणती जात? नुसते झींगा किंवा कोळंबी असे लिहिलेले चालणार नाही, पूर्ण नाव हवे.

२. पाणी कोठून आणणार, आणि वापरलेले पाणी कोठे सोडणार?

३. प्राधिकरणाची नोंदणी कोणाच्या नावाने आहे? कागद दाखवा.

४. मुदत संपल्यावर जमीन कोणत्या स्थितीत परत मिळणार, आणि ती सुधारण्याचा खर्च कोणाचा?

ज्यांना खानदेशातील शेततळ्यात जोडधंदा करावयाचा आहे, त्यांनी गोड्या पाण्यातील मासे किंवा स्कॅम्पी यांचा विचार करावा. इकडील मंडळींना नवसारी येथे केंद्रीय मचूळ पाणी संवर्धन संस्थेचे केंद्र आहे. शंका असेल तर तेथे विचारणा करावी. जाणकारांना प्रश्न विचारण्यात कमीपणा नाही.

उत्पत्तीच्या पुस्तकात परमेश्वर सर्व प्राणी आदामापुढे आणतो आणि तो त्यांना नावे देतो, हे आपण लहानपणापासून ऐकत आलो आहोत. नाव देणे ही जबाबदारी आहे. ज्याचे खरे नाव आपल्याला ठाऊक आहे, त्याची काळजी आपण घेऊ शकतो. ज्याचे नाव धूसर ठेवले जाते, त्याच्या आडून फसवणूक सोपी होते. शास्त्यांच्या पुस्तकात अबीमलेखाने शखेम नगर जिंकून त्यावर मीठ पेरल्याची हकीकत आहे. शत्रूच्या भूमीशी जे केले गेले, ते आपण भाड्याच्या लोभाने आपल्याच भूमीशी, आणि शेजाऱ्याच्या भूमीशी करू नये. शेजाऱ्याच्या सीमेचा दगड सरकवू नये, अशी मोशेच्या नियमशास्त्रात आज्ञा आहे. खारे पाणी तर दगड न सरकवताच बांध ओलांडते.

त्या गृहस्थांनी कागद घरी नेला व पत्नीला सर्व समजावून सांगितले. जमीन तिची. तिने विचारले, “आपलं राहू द्या. बाजूच्या विहिरीचं पाणी जे पितात, त्यांना विचारलं का?” त्यांनी अद्याप सही केलेली नाही. त्या मावशींचा प्रश्न आमच्या चार प्रश्नांत नव्हता. तो पाचवा म्हणून आम्ही येथे आदराने जोडीत आहोत.