आत्मा एकच, मग चांडाळ योनी कुठून आली?



आपल्या वस्त्यांतल्या अभ्यासिकांमधली पोरं हल्ली रील्समधून वेदान्त ऐकतात. देहाच्या आत अमर आत्मा दडलेला आहे, तो सगळ्यांत एकच आहे, जात म्हणजे वरवरची माया! ऐकायला गोड वाटतं, म्हणून तर तपासायला हवं.

छांदोग्य उपनिषदाच्या सहाव्या अध्यायात उद्दालक आपल्या मुलाला, श्वेतकेतूला, पाण्यात मीठ विरघळवून चाखायला लावतो. मीठ दिसत नाही, पण प्रत्येक घोटात आहे. तसंच ते सत्य सर्वत्र आहे आणि तूही तेच आहेस. छान. आता फक्त एक अध्याय मागे या. पाचव्या अध्यायाचा दहावा खंड सांगतो की चांगल्या आचरणाचे लोक ब्राह्मण, क्षत्रिय, वैश्य योनीत जन्मतात आणि वाईट आचरणाचे कुत्रा, डुक्कर किंवा चांडाळाच्या योनीत. ग्रंथ तोच! रीलवाले बाबा हे पान कधी उघडत नाहीत.

वेदान्ती म्हणतील, फिरतो तो जीव. आत्मा अलिप्तच असतो. पारमार्थिक सत्य वेगळं, व्यावहारिक वेगळं. मेख इथेच आहे. समता पारमार्थिक खात्यात जमा आणि पाणवठा, मंदिर, लग्न व्यावहारिक खात्यात. अद्वैताचे आचार्य शंकराचार्य ब्रह्मसूत्रभाष्याच्या पहिल्याच अध्यायात शूद्राला वेदाधारित ब्रह्मविद्येचा अधिकार नाकारतात. इतिहास-पुराणांतून मिळेल तेवढं घ्या, एवढीच सूट. ब्रह्म सर्वांत, पण ते जाणून घेण्याचा वेदमार्ग मात्र तीन वर्णांनाच.

बाबासाहेबांनी हा विचार एका फटक्यात मोडीत काढला नाही. 'रिडल्स इन हिंदुइझम'मध्ये ते मान्य करतात की ब्रह्माचा सिद्धांत लोकशाहीचा भक्कम पाया होऊ शकला असता. मग त्यातून समाजव्यवस्था का बदलली नाही, हा त्यांचा सवाल. 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' या ग्रंथात तर आत्म्यावरची श्रद्धा त्यांनी थेट अधम्मात घातली. बुद्धाच्या मते माणूस म्हणजे पाच स्कंधांचा बदलता प्रवाह. आत नित्य असं काहीच नसेल, तर मागच्या जन्माचं पाप वाहून आणणार कोण? आणि जन्मजात अपवित्रता चिकटणार कशाला?

२० मार्च १९२७ ला चवदार तळ्याचं पाणी आपल्या लोकांनी प्यायलं, तेव्हा महाडच्या सनातन्यांनी ते शेण-गोमूत्र ओतून शुद्ध करून घेतलं. त्या घोटात उद्दालकाचं मीठ त्यांना लागलं नाही.