अवर्षणाच्या सरहद्दीवरील उद्यम

कडेगाव-खानापूरच्या पर्जन्यछायेतील मुलखास मरुभूमी म्हणणे अतिशयोक्त होईल. तथापि उद्यम सुपीक भूमीतच फोफावतो, हा समज खोडून काढण्यास तो पुरेसा आहे. 1910 साली लक्ष्मणराव किर्लोस्करांनी बेळगावचा आपला नांगरांचा कारखाना हलविला तो कुंडलनजीकच्या निवडुंगी माळावर. आणि हा माळ खालसा मुलखात विखुरलेल्या औंध संस्थानाचा एक तुकडा असल्यामुळेच बाळासाहेब पंतप्रतिनिधींचा राजाश्रय त्यांना लाभला. सरहद्द अशीही उपकारक ठरते.

परंतु ज्यांना कोरडवाहू जमिनीने पोसले नाही, ते या टापूतील शेतकरी सोने-चांदी गाळण्याची म्हणजेच गलाईची विद्या व भट्टी-मूस घेऊन हिंदुस्थानभरच्या सराफ बाजारांत पांगले, त्यांचे काय? कारखान्याचा इतिहास टिकला, कारण त्याच्यापाशी दप्तर होते, आणि 1920 पासून स्वतःचे ‘किर्लोस्कर खबर’ हे मासिकही! गलाईवाल्यांचे दप्तर म्हणजे परमुलखातील दुकानांच्या जमाखर्चाच्या वह्या. टेंभू उपसा सिंचन योजनेचे पाणी शिवारात खेळू लागल्यावर स्थलांतराची ती निकड नव्या पिढीस उमगणे कठीण. म्हणून जिल्हा परिषदेने वा विद्यापीठाने वृद्ध गलाईकारांच्या जबान्या आणि त्या वह्या विनाविलंब जमा कराव्यात.