मधु लिमये यांनी काय मोडले?

मधु लिमये (1922–1995) चार वेळा लोकसभेवर निवडून आले. 1964 च्या पोटनिवडणुकीत आणि 1967 मध्ये बिहारमधील मुंगेरने त्यांना निवडले, तर 1973 च्या पोटनिवडणुकीत आणि 1977 मध्ये त्याच राज्यातील बांक्याने. मंत्रिपद त्यांनी कधीच भूषवले नाही. 1977 मध्ये ते सहज मिळण्यासारखे असतानाही त्यांनी ते नाकारले आणि जनता पक्षाचे सरचिटणीसपद पत्करले. अशा माणसावर पदलोभाचा आरोप कोणी करत नाही. आरोप होतो तो मोडतोडीचा. त्यांनी सभागृहाचे कामकाज अडवले, पक्षाची शिस्त मोडली आणि अखेर 1979 मध्ये पहिले बिगरकाँग्रेसी केंद्र सरकारच मोडले, असा हा पूर्वपक्ष आहे. तो इतक्या वेळा मांडला गेला आहे की इतिहासाच्या पुस्तकांतही लिमये यांचे नाव बहुधा 1979 च्या पडझडीपुरतेच येते.

यातला पहिला आक्षेप सर्वांत दुबळा आहे. लिमये उठले की मंत्री अस्वस्थ होत, हे खरे. पण सभागृह ओरडून बंद पाडणे ही त्यांची पद्धत नव्हती. पुरवणी प्रश्न, अल्पसूचना प्रश्न, लक्षवेधी सूचना, हक्कभंगाचा प्रस्ताव, हरकतीचा मुद्दा ही सारी नियमावलीने प्रत्येक सदस्याच्या हाती दिलेली साधने आहेत आणि लिमये यांनी ती अभ्यासाने वापरली. मंत्र्याने पूर्वी दिलेले उत्तर, सरकारी कागद आणि संविधानाचे कलम एकमेकांशेजारी ठेवून ते विसंगती दाखवत. त्यातून वेळ गेला असेल, तर तो मंत्र्याला खरे उत्तर द्यावे लागले म्हणून गेला. संसद असते ती त्यासाठीच. 1974 मधील तुलमोहन राम प्रकरण हे याचे ठळक उदाहरण आहे. पाँडिचेरीतील व्यापाऱ्यांना आयात परवाने मिळावेत म्हणून 21 खासदारांच्या नावे निवेदन गेले होते आणि त्यातील सह्या बनावट असल्याचे पुढे आले. सरकारला हे प्रकरण तुलमोहन राम या एका खासदारापुरते मर्यादित ठेवायचे होते. परवाने देणाऱ्या खात्यापर्यंत प्रश्न नेणाऱ्या विरोधी सदस्यांत ज्योतिर्मय बसू, अटलबिहारी वाजपेयी आणि लिमये होते. मार्क्सवादी, जनसंघी आणि समाजवादी असे हे तिघे. पुढे 1979 विषयी बोलताना ही गोष्ट लक्षात ठेवणे आवश्यक आहे, कारण लिमये यांना जनसंघाच्या माणसांचा व्यक्तिगत द्वेष होता, असेही सांगितले जाते.

त्यांच्या नावावर एकही कायदा नाही, हा याच आक्षेपाचा दुसरा भाग. विरोधी बाकावरच्या सदस्याचे विधेयक आपल्याकडे जवळजवळ कधीच मंजूर होत नाही, तेव्हा ही कसोटी मुळातच अन्यायाची आहे. शिवाय लिमये यांचे नाव कायद्याच्या ग्रंथांत नाही, हे खरेही नाही. 6 नोव्हेंबर 1968 रोजी मुंगेरजवळच्या लखीसराय रेल्वे स्थानकावर त्यांना साथीदारांसह अटक झाली. अटकेची कारणे सांगितली नाहीत म्हणून त्यांनी त्याच दिवशी सर्वोच्च न्यायालयाला पत्र पाठवले. न्यायालयाने ते संविधानाच्या कलम 32 खालील याचिका म्हणून ऐकले, कलम 22 चा भंग झाल्याचे मान्य केले आणि डिसेंबरात सुटकेचा आदेश दिला. त्यानंतर मुंगेरच्या उपविभागीय दंडाधिकाऱ्याविरुद्धच्या खटल्यात त्यांनी तेव्हाच्या फौजदारी प्रक्रिया संहितेतील जमावबंदीच्या कलम 144 लाच आव्हान दिले. सात न्यायाधीशांच्या पीठाने 1970 मध्ये ते कलम वैध ठरवले. म्हणजे लिमये हरले. पण हरतानाही त्यांनी न्यायालयाकडून मर्यादा आखून घेतल्या. हा अधिकार तातडीच्या परिस्थितीपुरता आहे, तो वस्तुस्थितीच्या आधारेच वापरावा लागतो आणि शांततेचा जामीन मागण्याआधी दंडाधिकाऱ्याने चौकशी सुरू केलेली असली पाहिजे. काश्मीरमधील इंटरनेटबंदीवरचा निकाल देताना सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी 2020 मध्ये याच निर्णयाचा आधार घेतला. तिसरा खटला महाराष्ट्रातला. तेथील एका मंत्र्यावर 1974 मध्ये केलेल्या आरोपांवरून लिमये यांच्यावर अब्रुनुकसानीची फिर्याद झाली होती. 1977 च्या त्या निकालाने फौजदारी खटल्यातील अंतरिम आदेश आणि उच्च न्यायालयाचे अंगभूत अधिकार यांची सीमा ठरवली. ‘मधु लिमये विरुद्ध महाराष्ट्र राज्य’ हा संदर्भ देशभरातल्या फौजदारी वकिलांच्या नित्य वापरात आहे. विधेयके मंजूर करवून घेणाऱ्या किती मंत्र्यांविषयी असे म्हणता येईल?

पुण्याचा माणूस बिहारमधून का उभा राहतो, या टीकेला फार जागा देण्याचे कारण नाही. तेथील मतदारांनी त्यांना निवडले आणि 1971 व 1980 मध्ये पाडलेही. हिशेब मागण्याचा अधिकार त्यांचा होता आणि तो त्यांनी बजावला.

पक्षशिस्तीचा आक्षेप अधिक गंभीर आहे. 1954 मध्ये त्रावणकोर-कोचीनमध्ये प्रजासमाजवादी मुख्यमंत्र्यांच्या राजवटीत गोळीबार झाला. राममनोहर लोहिया यांनी स्वतःच्या पक्षाच्या त्या मंत्रिमंडळाचा राजीनामा मागितला. पक्ष दुभंगू लागला. 1955 मध्ये, काँग्रेसशी सहकार्य करण्याच्या धोरणावर उघड टीका केल्याबद्दल लिमये यांना निलंबित करण्यात आले आणि वर्ष संपता संपता लोहियांचा वेगळा समाजवादी पक्ष उभा राहिला. यावरून लिमये यांना शिस्तीचे वावडे होते असा निष्कर्ष काढणाऱ्यांनी त्याच वर्षाचा दुसरा भाग पाहावा. जुलै 1955 मध्ये सत्याग्रहींची तुकडी घेऊन ते गोव्यात शिरले, पोर्तुगीज पोलिसांची जबर मारहाण त्यांनी सोसली, लष्करी न्यायाधिकरणाने त्यांना 12 वर्षांची शिक्षा सुनावली आणि 1957 मध्ये सुटका होईपर्यंत ते 19 महिने कैदेत राहिले. अहिंसक सत्याग्रहात मार खाऊनही हात न उचलण्याएवढी कडक शिस्त दुसरी नाही. लिमये यांनी पाळली ती शिस्त तत्त्वाची होती. पक्षनेतृत्वाच्या इच्छेला त्यांनी तिच्यापेक्षा खालची जागा दिली.

हाच विचार त्यांनी संसदेतही नेला. 1978 च्या ऑगस्टमध्ये जनता सरकारने पक्षांतरबंदीचे विधेयक आणले, तेव्हा ते मांडले जात असतानाच विरोध करणाऱ्यांत सत्तारूढ पक्षाचे कृष्णकांत आणि लिमये होते. सरकारला ते मागे घ्यावे लागले. 1985 मध्ये 52 व्या घटनादुरुस्तीने तो कायदा झाला आणि पक्षादेशाविरुद्ध मत देणाऱ्या एकट्या सदस्याचे सदस्यत्व धोक्यात आले. मात्र एकतृतीयांश सदस्यांनी मिळून पक्ष सोडला तर ती ‘फूट’ म्हणून माफ होती. सदसद्विवेकाने मत देणारा एकटा दोषी आणि सौदा करणारी टोळी निर्दोष, हा या रचनेतला उघड अन्याय होता. 2003 मध्ये फुटीची तरतूद काढून टाकली गेली, तरी दोनतृतीयांशांच्या विलीनीकरणाची वाट राहिली. या कायद्याने घाऊक पक्षांतर थांबत नाही, हे महाराष्ट्राने 2022 आणि 2023 मध्ये लागोपाठ दोन पक्षांत पाहिले. थांबतो तो सभागृहातला विचारपूर्वक मतभेद. आजचा खासदार प्रतोदाच्या आदेशापलीकडे पाहू शकत नाही आणि लिमये यांच्यासारखी कारकीर्द आता जवळजवळ अशक्य झाली आहे. यासाठी लिमये यांच्या विरोधाला दोष देणे म्हणजे धोक्याची सूचना देणाऱ्यालाच धोक्याचे कारण ठरवणे होय.

आता 1979. जनता पक्षाच्या स्थापनेची घोषणा जानेवारी 1977 मध्ये झाली, तेव्हा लिमये मध्य प्रदेशात तुरुंगात होते. पक्षाचा सर्वांत मोठा घटक जनसंघाचा होता आणि त्याचे बहुतेक नेते राष्ट्रीय स्वयंसेवक संघाचे सदस्य होते. एका पक्षाच्या सदस्याने दुसऱ्या शिस्तबद्ध संघटनेला बांधील असू नये, अशी मागणी लिमये यांनी लावून धरली. संघ ही सांस्कृतिक संघटना आहे, राजकीय पक्ष नव्हे, असे उत्तर मिळाले. हे उत्तर सरसकट झटकून टाकण्यासारखे नव्हते, पण मुद्दा संघटनेच्या नावाचा नव्हता. अंतिम निष्ठा कोणाला, हा प्रश्न होता आणि समाजवाद्यांनी तो स्वतः अनुभवला होता. 1948 मध्ये काँग्रेसने आपल्या घटनेत बदल करून स्वतंत्र घटना असलेल्या गटांना मनाई केली, तेव्हा समाजवाद्यांनी नाशिकच्या अधिवेशनात काँग्रेस सोडण्याचा निर्णय घेतला. लिमये त्या पिढीतले. जो नियम त्यांच्या माणसांनी किंमत मोजून मानला, तोच त्यांनी इतरांना लावला.

सरकार मात्र या प्रश्नावर पडले असे म्हणणे वस्तुस्थितीला सोडून आहे. मोरारजी देसाई, चरणसिंग आणि जगजीवनराम यांच्यातील पंतप्रधानपदाची चढाओढ मार्च 1977 पासूनच सुरू होती. 1978 च्या मध्यावर चरणसिंग मंत्रिमंडळाबाहेर गेले आणि जानेवारी 1979 मध्ये उपपंतप्रधान होऊन परतले. जुलैमध्ये यशवंतराव चव्हाण यांनी अविश्वासाचा ठराव मांडला, तेव्हा पक्ष आतून पोखरलेलाच होता. सभागृहात सरकारची बाजू तडफेने मांडणाऱ्या जॉर्ज फर्नांडिस यांनी लगेचच ते सरकार सोडले आणि त्यामागे लिमये यांचा आग्रह होता, हेही खरे. पण वाद एका माणसाच्या हट्टाचा असता, तर तो माणूस बाहेर पडताच मिटला असता. तसे झाले नाही. लिमये यांच्याशिवाय उरलेल्या जनता पक्षाच्या कार्यकारिणीनेच एप्रिल 1980 मध्ये दुहेरी सदस्यत्वाला मनाई केली आणि त्याच आठवड्यात, 6 एप्रिलला, भारतीय जनता पक्ष स्थापन झाला. प्रश्न खरा होता, याचा यापेक्षा मोठा पुरावा कोणता?

लिमये यांचे चुकले ते पुढच्या पावलात. चरणसिंगांचे सरकार इंदिरा गांधींच्या पाठिंब्यावर उभे राहिले, तो पाठिंबा गेला आणि सभागृहाला सामोरे न जाताच 20 ऑगस्टला, महिनाही पुरा होण्याआधी, त्याने राजीनामा दिला. जानेवारी 1980 च्या निवडणुकीत काँग्रेसला 353 जागा मिळाल्या. या घडामोडीत लिमये यांनी चरणसिंगांची साथ दिली, हा राजकीय निर्णय फसला आणि त्याची झळ देशाला बसली. त्याचे समर्थन करता येत नाही. स्वतंत्र बुद्धीचा माणूस अचूक असतो, असा दावाही येथे नाही. दावा इतकाच आहे की त्या चुकीमागे पदाचा, पैशाचा किंवा सूडाचा हेतू नव्हता, आणि एका निर्णयाच्या मापाने संपूर्ण कारकीर्द मोजणे न्यायाचे नाही.

मोजायचेच असेल, तर 1976 चा मार्च पुढे ठेवावा लागेल. पाचव्या लोकसभेची पाच वर्षांची मुदत संपली आणि आणीबाणीतल्या सरकारने कायदा करून ती एका वर्षाने वाढवली. मतदारांनी पाच वर्षांसाठी पाठवले आहे, सहाव्या वर्षासाठी नाही, अशी भूमिका घेऊन तुरुंगात असलेल्या लिमये यांनी आणि शरद यादव यांनी सदस्यत्वाचे राजीनामे दिले. इतर विरोधी सदस्यांनी वाढीव मुदत स्वीकारली. सहावी लोकसभा निवडली गेल्यावर दरम्यान सहा वर्षांची झालेली मुदत 44 व्या घटनादुरुस्तीने पुन्हा पाच वर्षांची केली. दोन कैद्यांनी 1976 मध्ये जे तत्त्व मानले होते, ते संसदेने 1978 मध्ये मान्य केले.

1982 मध्ये लिमये सक्रिय राजकारणातून बाहेर पडले आणि लेखनाकडे वळले. जनता पक्षाच्या प्रयोगावरचा दोन खंडांचा इतिहास त्यांनी 1994 मध्ये प्रसिद्ध केला. माजी खासदाराचे निवृत्तिवेतन त्यांनी घेतले नाही, स्वातंत्र्यसैनिकाचेही घेतले नाही. 8 जानेवारी 1995 रोजी दिल्लीत त्यांचे निधन झाले. 1964 ते 1979 या काळातील लोकसभेच्या कामकाजाचे वृत्तान्त छापील स्वरूपात उपलब्ध आहेत. ‘पक्षफोड्या’ हा शिक्का पुन्हा मारण्याआधी आक्षेप घेणाऱ्यांनी ते वाचावेत.