फोटोतले आझाद

‘राजकारण निराळे आणि तत्त्वज्ञान निराळे’ असे आमच्या समाजात दोन प्रकारचे लोक सांगतात. पुढारी म्हणतात, विचाराने मते मिळत नाहीत. विद्वान म्हणतात, राजकारणाने हात मळतात. आम्ही उर्दू शाळांतले शिक्षक दोघांपुढेही मान हलवतो. आमचा साधा सवाल आहे : मग मौलाना आझादांचे काय करायचे?

ऑगस्ट १९४२ मध्ये इंग्रजांनी आझादांना अहमदनगरच्या (आताचे अहिल्यानगर) किल्ल्यात डांबले. तेव्हा ते काँग्रेसचे अध्यक्ष होते. याच कैदेत त्यांनी ‘गुबारे खातिर’मधली पत्रे लिहिली. त्यांत चहा आहे, चिमण्या आहेत, संगीत आहे. ईश्वराच्या अस्तित्वाचा विचारही आहे. एप्रिल १९४३ मध्ये पत्नी झुलेखा बेगम कलकत्त्यात वारल्या. त्यांच्या आजारपणातही आझादांनी सवलतीसाठी सरकारपुढे हात पसरला नाही. हा निर्णय राजकीय म्हणावा की तात्त्विक? आम्हांला तरी त्यात रेघ ओढता येत नाही.

कोणी म्हणेल, एवढ्या विचाराने फाळणी थांबली का? नाही थांबली. आपण मुसलमान आहोत आणि हिंदुस्थानी राष्ट्राचे अभिन्न अंगही आहोत, असे आझादांनी १९४० साली रामगढला सांगितले होते. तरी १९४६ च्या निवडणुकीत बहुतेक मुस्लिम जागा लीगने जिंकल्या. पण निवडणूक हरली म्हणून विचार खोटा ठरत नाही. या देशात राहिलेला मुसलमान आज त्याच विचारावर उभा आहे.

आमच्या शहरात डॉ. रफिक झकेरिया यांनी १९६३ साली मौलाना आझादांच्या नावाने कॉलेज उभे केले. ११ नोव्हेंबर हा मौलानांचा जन्मदिवस २००८ पासून राष्ट्रीय शिक्षण दिन आहे. त्या दिवशी आम्ही फोटो मांडतो, भाषणे पाठ करून घेतो आणि फोटो पुन्हा कपाटात ठेवतो.

२०२३ साली औरंगाबादचे छत्रपती संभाजीनगर झाले. तेव्हा आठवीतल्या एका मुलाने विचारले, ‘सर, शहर म्हणजे नाव की माणसे?’ आम्ही म्हणालो, ‘हे परीक्षेत येणार नाही. खाली बस.’

तो प्रश्न राजकारणाचा होता आणि तत्त्वज्ञानाचाही. ज्या समाजाचे शिक्षक असा प्रश्न खाली बसवतात, त्याला घोषणा देणारेच पुढारी मिळणार. पुढाऱ्यांना नावे ठेवण्याआधी हा दोष आम्ही आमच्या पदरात घेतो. येत्या ११ नोव्हेंबरला फोटोशेजारी फळ्यावर त्या मुलाचा प्रश्न लिहू आणि त्यालाच आधी बोलू देऊ.