रुधिरोद्गारी पुन्हा येतो तेव्हा...

मनगटावर बांधायचं एक घड्याळ. काटे फिरवले की काळ चोवीस तास मागे! ‘२४’ या २०१६ सालच्या तमीळ चित्रपटातलं हे यंत्र. घड्याळ बनवणारा शास्त्रज्ञ सूर्या, ते बळकावू पाहणारा त्याचा जुळा भाऊही सूर्या, आणि शास्त्रज्ञाचा मुलगाही सूर्याच. मुलगा घड्याळदुरुस्तीचा धंदा करतो, हे विशेष. पुढे २०२१ साली ‘मानाडु’ आला. त्यात यंत्र नाही, पण नायक मेला की तोच दिवस पहिल्यापासून सुरू होतो. तो पुन्हा विमानात जागा होतो आणि मुख्यमंत्र्यांची हत्या टाळायला पुन्हा धावतो.

अशा कथांची एक गंमत बघा. दिवस फिरून येतो, पण नायकाखेरीज ते कुणाच्या लक्षात राहत नाही. ‘मानाडु’त तर खरी रंगत येते ती विरुद्ध बाजूच्या पोलीस अधिकाऱ्यालाही मागचं आठवू लागतं तेव्हा! म्हणजे यंत्र कुठलंही असो, त्यातला महत्त्वाचा भाग चाकं किंवा काटे नव्हेतच. कुणीतरी मोजत असावं लागतं. सगळेच विसरले, तर तोच दिवस हजार वेळा आला काय आणि एकदा आला काय, सारखंच.

विज्ञानाने ही कल्पना अगदीच उडवून लावलेली नाही. आईन्स्टाईनचा प्रिन्स्टनमधला मित्र, गणिती कुर्ट गोडेल याने १९४९ साली आईन्स्टाईनच्याच समीकरणांतून एक फिरणारं विश्व मांडून दाखवलं. तिथे पुढे पुढे जाणारा प्रवासी स्वतःच्याच भूतकाळात पोहोचू शकतो. आपलं विश्व मात्र तसं फिरत असल्याचा पुरावा नाही. स्टीफन हॉकिंग यांनी तर १९९२ साली असा तर्क मांडला, की काळाचं असं वेटोळं निसर्ग होऊच देत नसावा. तेव्हा यंत्र तूर्त पडद्यावरच.

पण काळाला गोल फिरवण्याची एक युक्ती आपल्या घराघरांत आहे. पंचांग! गुढीपाडव्याला वर्षाचं नाव वाचलं जातं. प्रभवपासून क्षयपर्यंत अशी साठ नावं, आणि साठ संपली की पुन्हा प्रभव. तमिळांचं वर्ष एप्रिलच्या मध्याला सुरू होतं, उच्चारही थोडे निराळे, पण नावं हीच आणि क्रमही हाच. साठच का? गुरू आकाशाची फेरी सुमारे बारा वर्षांत पुरी करतो, शनी सुमारे तीस वर्षांत. साठ वर्षांनी दोघेही जवळपास मूळ जागी येतात. माणसाच्या साठीला जन्मवर्षाचं नाव परत येतं, म्हणून तर षष्ट्यब्दीचा सोहळा. जुन्या तंजावर जिल्ह्यातलं (आता मयिलाडुदुरै जिल्ह्यातलं) तिरुक्कडैयूर हे त्यासाठी प्रसिद्ध गाव. मार्कंडेयासाठी शंकराने यमाला लाथाडलं ते इथेच, अशी श्रद्धा आहे. साठी गाठलेली जोडपी तिथे पुन्हा एकदा लग्नाला उभी राहतात. मुलंसुना, नातवंडं वऱ्हाडी!

आता खुद्द तंजावर. राजराज चोळाने १०१० साली पुरं केलेलं बृहदीश्वराचं देऊळ बघायला महाराष्ट्रातून बसगाड्या भरभरून जातात. शिखराकडे आणि नंदीकडे बघताना मान दुखते. पण आवाराच्या नैर्ऋत्य बाजूला भिंतीवर चक्क मराठी कोरलेलं आहे, तिथवर कितीजण जातात? हे भोसले वंशाचं चरित्र. जगातल्या सर्वांत मोठ्या शिलालेखांत त्याची गणना होते. साल शके १७२५, संवत्सर रुधिरोद्गारी, म्हणजे डिसेंबर १८०३.

तो कोरून घेणारे दुसरे सरफोजी राजे तेव्हा कोणत्या अवस्थेत होते? तुळजाजींनी त्यांना १७८७ साली दत्तक घेतलं, पण गादीवर बसले अमरसिंग. सरफोजींना सिंहासन मिळालं ते १७९८ साली, कंपनी सरकारच्या पाठबळावर. पुढच्याच वर्षी, १७९९ च्या तहाने, राज्यकारभार कंपनीकडे गेला. राजाला उरला किल्ला, वर्षाला एक लाख पॅगोडा आणि महसुलाचा पाचवा हिस्सा. ज्याच्या दत्तकविधानावरच वाद झाला आणि ज्याच्या हातून राज्य निसटलं, त्या माणसाने पिढ्यान्‌पिढ्यांची कहाणी दगडावर लिहवून घ्यावी, यात नुसती हौस नव्हती.

साठ वर्षं गेली. रुधिरोद्गारी परत आला, १८६३ साली. तेव्हा तंजावरला राजाच नव्हता! सरफोजींचे पुत्र शिवाजी १८५५ साली वारले. पुत्र नाही म्हणून कंपनीने गादी खालसा केली होती. पुन्हा रुधिरोद्गारी आला १९२३ साली. सरफोजींनी जिवापाड जपलेलं, वाढवलेलं सरस्वती महाल ग्रंथालय त्याआधी पाच वर्षं, १९१८ साली, लोकांसाठी खुलं झालं होतं. आणखी एक फेरी, १९८३. त्या साली याच ग्रंथालयाला राष्ट्रीय महत्त्वाच्या संस्थेचा दर्जा मिळाला. नाव तेच, पण दर खेपेला गाव दुसरंच.

नुसतं ‘रुधिरोद्गारी’ कोरलं असतं, तर १८०३ की १८६३, अशी शंका पुढच्यांना आली असती. शेजारी शके १७२५ आहे, म्हणून प्रश्न उरत नाही. नाव गोल फिरतं, शकाचा आकडा मात्र सरळ पुढे जातो. जुने लोक दोन्ही लिहीत, ते उगाच नव्हे. सिनेमातल्या नायकाची आठवण जे काम करते, तेच हा आकडा करतो.

पुढचा रुधिरोद्गारी २०४३ साली. शिलालेखाला तेव्हा २४० वर्षं पुरी होतील. तंजावरला जाण्याचा त्याआधी योग आला, तर नंदीसमोर फोटो काढून झाल्यावर देवळाला उजवी घालून मागच्या नैर्ऋत्य कोपऱ्यापर्यंत जावं. अक्षरं देवनागरी आहेत, मुलांनाही लावता येतील.