तीस सेकंदांच्या हिशेबातले गाणे

गाणे किती लांब असावे हे कवी आणि संगीतकार ठरवतात असा समज असला, तरी भारतातल्या ध्वनिमुद्रणाच्या सव्वाशे वर्षांच्या इतिहासात ही लांबी बहुधा ज्या साधनातून गाणे श्रोत्यापर्यंत पोचते, त्या साधनानेच ठरवलेली दिसते. 1902 साली कोलकात्यात गौहरजान यांचे ध्वनिमुद्रण झाले, तेव्हा लाखेच्या तबकडीवर जेमतेम दोन-तीन मिनिटे मावत. मैफलीत तासभर फुलणारा राग तेवढ्यात बसवायचा, तर आलापीला कात्री लावून मुखडा आणि ताना एवढेच राखावे लागे. पुढे मराठी भावगीतही एक मुखडा आणि दोन-तीन अंतरे अशा आटोपशीर घडणीत याच चौकटीत वाढले, आणि त्या अडचणीतून एक देखणा घाट जन्माला आला हे मान्य करावे लागते.

तबकडीची मर्यादा यंत्राची होती. मोबाइलवर गाणी ऐकवणाऱ्या सेवांवर जागेची अशी कोणतीही टंचाई नसताना गाणी आखूड होत आहेत, ती मोबदल्याच्या नियमामुळे. स्पॉटिफायवर गाणे किमान 30 सेकंद वाजले की ते ऐकले गेल्याची नोंद होते आणि तीच नोंद मानधनाच्या हिशेबात धरली जाते; त्यानंतर श्रोता शेवटपर्यंत थांबला काय किंवा एकतिसाव्या सेकंदाला उठून गेला काय, हिशेबात फरक पडत नाही. साहजिकच सुरुवातीचा वाद्यमेळ आक्रसतो, मुखडा लगेच पुढे येतो आणि अंतरा मागे पडतो. श्रीनिवास खळे यांच्या चालींचे मर्म अनेकदा अंतऱ्यावरून मुखड्याकडे परतण्याच्या वळणावर सापडते. त्या वळणापर्यंत श्रोता पोचलाच नाही, तर त्याने खळे ऐकले असे कोणत्या अर्थाने म्हणावे?

जून 2020 मध्ये भारतात टिकटॉकवर बंदी आली आणि पुढच्याच महिन्यात इन्स्टाग्रामने रील्स, म्हणजे काही सेकंदांच्या चित्रफितींची सोय, येथे आणली. अशा चित्रफितींतून गाण्याचा एखादा तुकडा मूळ गाण्यापासून सुटून स्वतंत्रपणे फिरू लागला. याची दुसरी बाजूही खरी आहे. संजू राठोड यांचे ‘गुलाबी साडी’ 2024 मध्ये कोणत्याही चित्रपटाच्या आधाराविना अशाच तुकड्यांतून मराठी न समजणाऱ्यांपर्यंत गेले, आणि एरवी मुंबईतल्या निर्मात्यांचे उंबरे झिजवावे लागले असते तो टप्पा गाळता आला. नाके मुरडणाऱ्यांनी एवढे तरी ध्यानात घ्यावे.

नुकसान झाले आहे ते श्रेयाचे. आकाशवाणीवर गाण्याआधी निवेदक गायकाबरोबर गीतकार आणि संगीतकार यांचीही नावे सांगत असल्याने श्रोत्यांच्या कानावर ती आपोआप पडत. रीलवर बहुधा गायकाचे आणि गाण्याचे नाव तेवढे उरते. 2012 च्या दुरुस्तीने भारतीय कॉपीराइट कायद्यात गीतकार-संगीतकारांचा स्वामित्वधनावरील हक्क बळकट झाला, पण हक्काची रक्कमही आता ऐकण्याच्या मोजणीला बांधलेली आहे. 2024 पासून मागील 12 महिन्यांत किमान 1000 वेळा न ऐकल्या गेलेल्या ध्वनिमुद्रणाला स्पॉटिफाय मानधनाच्या वाटपातून वगळते आणि तो वाटा इतरांकडे वळवते. या नियमात भाषेचा भेद केलेला नाही, त्यामुळे जगभर ऐकले जाणारे इंग्रजी गाणे आणि एखाद्या जिल्ह्यापुरते ऐकले जाणारे अहिराणी गाणे यांना एकच उंबरठा ओलांडावा लागतो.